बरणीचाचांनी शिवलेले कान

बरणीचाचा बरणीच्या झाकणाला नखाने टिचकी मारत, डोळे मिटून आवाज ऐकत आणि सांगत, "हे पंधरा दिवसांत ढिलं होते." झाकणाभोवतीच्या मेणाला तोवर साधा तडाही गेलेला नसे. त्यांना खोटं पाडायला आम्ही मुली झाकणावर खडूने तारीख लिहून ठेवायचो. पंधराव्या नाहीतर सोळाव्या दिवशी मेणाला चीर जायची आणि मेलेले प्राणी टिकवणाऱ्या फॉर्मलीनचा वास खोलीभर पसरायचा. एकदा अठरा दिवस लागले, तर चाचा आमच्यावरच उखडले. "तुमी रोज येऊन हात लावता, मंग थ्या मेणाले तरी का समजन?"

अमरावतीच्या ज्या कॉलेजात मी बी.एस्सी. केलं, तिथल्या प्राणिशास्त्र विभागात एक लांबुळकी खोली होती. तिच्या तिन्ही भिंतींना कपाटं होती आणि कपाटांत बरण्याच बरण्या. साप, बेडूक, विंचू, वटवाघळं, वेगवेगळे मासे, आणि आमच्यासारख्या काळ्या मातीतल्या पोरांनी कधी नावही न ऐकलेले समुद्रातले जीव. ही खोली सांभाळणारे परिचर म्हणजे चाचा. खरं नाव हनीफ, पण ते पगारपत्रकापुरतं. प्राचार्यांपासून चहावाल्यापर्यंत सगळे त्यांना बरणीचाचा म्हणत. त्यांच्या अंगाला बारा महिने फॉर्मलीनचा वास यायचा. कुणी नाक मुरडलं की मनगट पुढे करून म्हणायचे, "घ्या, आमचं अत्तर. लग्नात लावून गेलो तर जेवायच्या पंगतीत ऐसपैस जागा भेटते."

बरणीतल्या प्राण्यांची लॅटिन नावं त्यांनी कधी तोंडाला लावून घेतली नाहीत. तारामासा म्हणजे चांदणी, जेलीफिश म्हणजे छत्री, आणि समुद्रकाकडी म्हणजे सरळ वाळूक. त्यांची नावं आमच्या डोक्यात इतकी पक्की बसली की तोंडी परीक्षेला बाहेरून आलेल्या परीक्षकांनी बरणी पुढे धरली आणि मी ताडकन म्हणाले, "वाळूक!" परीक्षक यवतमाळकडचे होते म्हणून निभावलं. त्यांनी विचारलं, "मीठ लावून खायचं का?" दाराआड उभे असलेले चाचा तोंडात रुमाल कोंबून हसत होते. परीक्षक गेल्यावर मी त्यांच्याशी दोन दिवस अबोला धरला. तिसऱ्या दिवशी त्यांनी माझा फाटलेला अॅप्रन न विचारता शिवून आणला, आणि मग अबोला धरून ठेवणं कठीण झालं.

शिवण हा चाचांचा जीव की प्राण होता. घराणं अकोल्याच्या पिंजाऱ्यांचं. जठारपेठेत धाकट्या भावाचं गाद्या-रजयांचं दुकान होतं आणि दर शनिवारी चाचा पॅसेंजरने अकोल्याला जाऊन रविवारभर तिथे रजया शिवत बसायचे. माझंही घर जठारपेठेतच, त्यामुळे आईने दिलेला चिवड्याचा डबा सोमवारी त्यांच्याच हाती यायचा, अत्तरासकट. विभागात काहीही फाटलं की ते शिवायला चाचा हजर. पडदे, नकाशे, खुर्च्यांच्या गाद्या. मुलांनी वेडंवाकडं चिरलेला बेडूकसुद्धा त्यांनी असा शिवून दिलेला मी पाहिला आहे की टाका शोधायला भिंग लागावं. "फाटलं ना? द्या अथी," एवढंच म्हणायचे आणि कॉलरमागे खोचलेली सुई काढायचे.

ती वर्षं वऱ्हाडात चांगली नव्हती. शेतकऱ्यांच्या आत्महत्यांच्या बातम्यांमुळे सकाळी पेपर उघडायला हात धजत नसे. वसतिगृहातल्या मुली दिवाळीला गावी जात आणि त्यातल्या काही परत येत नसत. कॉट रिकामी राहिली की आम्ही काही विचारायचो नाही. प्राणिशास्त्राला प्रवेश घेणारे कमी कमी होत गेले. ज्याला शिकायचं होतं त्याला लवकर नोकरी देणारं काहीतरी शिकायचं होतं, आणि राजापेठेत दर दोन दुकानांमागे कॉम्प्युटरचा क्लास निघाला होता. शेवटी आमच्या कॉलेजनेही ठरवलं की बरण्यांची खोली मोकळी करायची आणि तिथे कॉम्प्युटर मांडायचे.

ही बातमी सांगायचं काम आमच्या विभागप्रमुखांकडे आलं. सर पुण्याचे, मृदू बोलणारे. चाचांच्या प्रत्येक वाक्याने ते किंचित दचकायचे. सर म्हणाले, "अहो चाचा, खोली रिकामी करावी लागेल."

"काहून?" चाचा म्हणाले.

सर दचकले. मग त्यांनी सगळं समजावून सांगितलं. शेवटी म्हणाले, "बेडूक आणि साप काय, सगळीकडेच असतात. दुसऱ्या कुठल्या कॉलेजात नाही असं एखादं काही निघालं, तर मी प्राचार्यांशी भांडेन. शब्द देतो."

चाचांनी रात्रंदिवस खपून यादी केली असेल असं कुणाला वाटेल. त्यांनी दहा मिनिटांत केली. एका ओळीची. 'सगळंच दुर्मिळ आहे.' सरांनी ती परत पाठवली. मग चाचा माझ्याकडे आले. "बेटा, तुले इंग्रजी येते. एक एक बरणी काढ अन् पुस्तकात पाय. या खोलीत हाय कायतरी, माह्यं मन सांगून राह्यलं."

पुढचे तीन आठवडे तास संपले की मी आणि चाचा त्या खोलीत. ते बरणी पुसून पुढे ठेवायचे, मी ग्रंथालयातली जुनी पुस्तकं उलटायची. बेडूक बेडूकच निघाले आणि साप सापच. मी कंटाळले, चिडले, एकदा तर पुस्तक मिटून वसतिगृहाकडे निघाले. चाचांनी अडवलं नाही, फक्त पुढची बरणी पुसायला घेतली. मग काय, बसले परत.

कोपऱ्यातल्या कपाटातून त्यांनी ऑक्टोपसची बरणी काढली, तीही जरा मिरवतच. "हा माहा सगळ्यात चांगला टाका," म्हणाले. वीस-बावीस वर्षांपूर्वी विभागाचा एक माजी विद्यार्थी मासळीची पाहणी करणाऱ्या सरकारी जहाजावर होता. खूप खोल पाण्यातल्या जाळ्यात आलेला हा जीव त्याने डब्यात घालून केरळातून रेल्वेने आणला. इथे पोचेपर्यंत त्याचा पार लगदा झाला होता, चपटा, आणि डोक्याला दोन्ही बाजूंनी दोन पाळ्या लोंबत होत्या. तेव्हाचे प्रमुख म्हणाले, फाटलाय, टाकून द्या. चाचांनी टाकला नाही. त्या दोन्ही पाळ्या त्यांनी अंगाला चापूनचोपून बसवल्या आणि पांढऱ्या दोऱ्याने शिवून टाकल्या.

मी सहज हात न्याहाळू लागले. पुस्तकातल्या नेहमीच्या ऑक्टोपसच्या हातावर वाटीसारख्या शोषकांच्या दोन रांगा असतात. इथे एकच होती. आणि प्रत्येक शोषकाच्या दोन्ही बाजूंना बारीक केसांसारखे तंतू. मी पानं उलटत गेले आणि एका जाड पुस्तकाच्या तळटीपेत मला ते सापडलं. समुद्राच्या तळाशी, जिथे उजेड पोचत नाही तिथे राहणारे ऑक्टोपस. शोषकांची एक रांग, बाजूला तंतू, अंग जेलीसारखं मऊ. फार थोड्यांनी पाहिलेले. मी आनंदाने ओरडणारच होते, पण पुढची ओळ वाचली आणि थंड पडले. "नाही चाचा, हा तो नाही. त्याला डोक्यावर दोन पर असतात, माशाला असतात तसे, पण दिसायला अगदी कानांसारखे. ह्याला कुठे आहेत कान?"

चाचांनी बरणी उचलली, कपाटात ठेवली आणि आपली उन्हाची छत्री न घेताच निघून गेले. दुसऱ्या दिवशी ते आले नाहीत. तिसऱ्या दिवशीही नाहीत. त्यांच्या नोकरीत असं कधी झालं नव्हतं.

रविवारी मी अकोल्याला घरी गेले आणि चिवड्याचा डबा घेऊन भावाच्या दुकानात शिरले. चाचा मांडी घालून रजई शिवत बसले होते. मान वर न करता म्हणाले, "बेटा, कान व्हते."

मला आधी कळलंच नाही.

"थ्या पाळ्या फाटेल नव्हत्या. कान व्हते त्याचे. म्या शिवून टाकले."

मी हसायला लागले. मला आवरेचना. गाद्यांच्या ढिगाला टेकून मी पोट धरून हसत होते आणि चाचा माझ्याकडे असं पाहत होते की माझं हसू आपोआप विझलं. त्या माणसाला खरोखर लाज वाटत होती.

"इतक्या वर्षांत माह्या टाक्याले कोणी नावं ठेवले नाईत," ते म्हणाले. "अन् आता रिटायर व्हायच्या टायमाले सांगू का, का जो टाका मी सगळ्यांले दाखवत फिरलो, थोच चूक व्हता? सर मेमो देतीन. पोट्टे हासतीन. तूच हासली."

"मग सांगू नका," मी म्हणाले. मला तेव्हा मनापासून तसंच वाटलं. "मी गुपचूप उसवते. कुणाला कळायचंही नाही."

चाचांनी सुई रजईत खोचली. "म्या शिवलं ना? मंग म्याच उसवीन. अन् सगळ्यांसमोर उसवीन. नाईतर सर म्हणतीन, इतके वर्ष हे कान कुठी व्हते?"

सोमवारी ते प्रमुखांसमोर उभे राहिले. "सर, मोठी गलती झाली," म्हणून त्यांनी सगळं सांगितलं. सर ऐकत राहिले. मला वाटलं आता मेमो येणार. सरांनी चष्मा काढला, पुसला आणि म्हणाले, "चाचा, मला एक खुर्ची आणून द्या. मला जवळून बघायचंय."

प्रयोगशाळेतल्या मोठ्या ट्रेमध्ये पाणी भरलं. भोवती सगळा विभाग गोळा झाला. चाचांनी बारीक कात्री घेतली आणि दोन तास वर पाहिलं नाही. घाम नाकावरून ओघळला की मी पुसत होते. त्यांनी टाके इतके घट्ट आणि जवळजवळ घातले होते की स्वतःच्याच कौशल्याला शिव्या देत होते. "कोन्या हरामखोरानं शिवलं हे?" असं ते एकदा पुटपुटले आणि सर पहिल्यांदा मोठ्याने हसले. शेवटचा दोरा निघाला तेव्हा आधी काहीच झालं नाही. मग ट्रेच्या पाण्यात डावा कान हळूहळू अंगापासून सुटून वर आला, आणि त्याच्या मागोमाग उजवा. चाचा वाकले आणि त्यांनी विचारलं, "आता येते का ऐकू, बापा?"

राजापेठेतल्या सायबर कॅफेतून मी फोटो कोचीला पाठवले. तिथे समुद्री जीवांचा अभ्यास करणाऱ्या एक बाई नागपूरच्या परिषदेला येणार होत्या. त्या वाट वाकडी करून अमरावतीला आल्या. दोन दिवस त्या भिंग लावून बसल्या. शाईची पिशवी आहे का ते तपासलं, ती नव्हतीच. खोल अंधारात राहणाऱ्याला शाई फेकून लपायची गरज काय? कानांच्या कडेची भोकं मात्र त्यांना उमगेनात. हा एखादा रोग असावा असं त्यांनी वहीत लिहायला घेतलं, तेव्हा चाचांनी पुढे होऊन कॉलरमागची सुई दाखवली. बाईंनी रोग खोडला आणि 'शिवणीची भोकं' असं लिहिलं. मग त्यांनी समजावलं की हे कान नव्हेत, ऐकण्याशी यांचा काही संबंध नाही. हा प्राणी यांच्या जोरावर पोहतो. चाचांनी सुई परत कॉलरमागे खोचली. "म्हंजे म्या त्याचे पंख बांधून ठेवले व्हते," म्हणाले.

जाताना बाईंनी सांगितलं की असे नमुने देशात फारच थोडे आहेत आणि ह्याचा नीट अभ्यास व्हायचा तर तो कोचीलाच हवा. आमच्या उन्हाळ्यात, आमच्या वीज जाण्यायेण्यात त्याचं काही खरं नाही. सर म्हणाले, "चाचा, निर्णय तुमचा. हा इथे असेल तर मी खोलीसाठी भांडू शकतो. गेला तर माझ्या हातात काही नाही."

मी जीव तोडून सांगितलं, देऊ नका. चाचांनी मला शांतपणे विचारलं, "आपल्याजवळ राहून पुस्तकात त्याचं नाव लागन का?" मी खोटं बोलू शकले नाही.

बरणी न्यायला पंधरा दिवसांनी माणूस येणार होता. तेवढ्यात चाचांनी जे केलं ते फक्त तेच करू जाणोत. त्यांनी कार्यालयातून जुनी प्रवेशाची रजिस्टरं आणली, पोस्टकार्डांचा गठ्ठा आणला आणि मला लिहायला बसवलं. बावीस बॅचना त्यांनी तो ऑक्टोपस शिवलेल्या कानांसह दाखवला होता. प्रत्येकाला कार्ड गेलं पाहिजे, असा त्यांचा हट्ट. मजकूर त्यांचा, अक्षर माझं. 'तुम्ही आमच्या खोलीत पाहिलेल्या ऑक्टोपसला कान नाहीत असे तुम्हाला वाटले असेल. कान आहेत, खरे तर ते त्याचे पोहायचे पंख. ते मी शिवून टाकले होते. चूक माझी. आता उसवले आहेत. सवड झाली तर पाहून जा. नाही जमले तर एवढे दुरुस्त करून घ्या.' माझं बोट सुजलं. मी वैतागून म्हणाले, "चाचा, लोकांना गावाकडे काय काय निस्तरावं लागतंय, आणि तुम्ही त्यांना ऑक्टोपसचे कान कळवताय!"

"म्हणूनच त," ते म्हणाले. "सगळीकून वाईटच कागद येऊन राह्यले त्यायले. एक असा बी जाऊ दे."

आणि लोक आले! शेवटच्या रविवारी त्या खोलीत पाय ठेवायला जागा उरली नाही. बँकेतले आले, मास्तर आले, दर्यापूरकडचे दोघे शेतकरी पहाटेच्या एसटीने आले, एक फौजदार बायकोमुलांना घेऊन आला. सरांनी पदरमोड करून सगळ्यांना दह्यात भिजवलेला गिलावडा खाऊ घातला. जो तो बरणीपुढे उभा राहायचा, कान बघायचा आणि हसत सुटायचा. दर्यापूरकडच्यांपैकी एकाने चाचांना मिठी मारून विचारलं, "चाचा, एवढ्यासाठी बलावलं?" चाचा म्हणाले, "मंग! तू वीस वर्षं चुकीचं घेऊन फिरून राह्यला व्हता ना, गड्या." त्या वर्षांतला इतका आनंदाचा दिवस मला दुसरा आठवत नाही.

ऑक्टोपस गेला. जूनमध्ये खोलीही गेली. बाकीच्या बरण्या चाचांनी एसटीने खेड्यापाड्यांतल्या शाळांना पोचवल्या, आणि मग तेही निवृत्त होऊन जठारपेठेत रजया शिवत बसले. तीन वर्षांनी ते गेले. मी तेव्हा अमरावतीतच शिकवायला लागले होते. खबर आली तेव्हा माझा तास चालू होता. मी तो पुरा केला आणि मग स्टाफरूममध्ये जाऊन खूप रडले. आजही त्यांची आठवण आली की मला आधी हसू येतं, आणि ते त्यांना चाललं असतं.

गेल्या महिन्यात एक नवं पुस्तक वाचताना मला कळलं की मी वर्षानुवर्षं एक गोष्ट चुकीची शिकवत आले आहे. ऑक्टोपसची मादी आयुष्यात एकदाच अंडी घालते, ती राखत उपाशी बसते आणि मरते, असं मी सरसकट सगळ्या ऑक्टोपसांबद्दल सांगायचे. मुली वहीत लिहून घेताना हळहळायच्या. पण खोल समुद्रातल्या ह्या परवाल्या ऑक्टोपसांचं तसं नाही. ह्यांची मादी एकेक अंडं घालत राहते आणि जगत राहते. दुसऱ्या दिवशी वर्गात गेल्या गेल्या मी म्हणाले, "माझं चुकलं होतं," आणि दुरुस्त करून दिलं. मागच्या बाकावरून एकीने विचारलं, "मॅडम, मग मागच्या वर्षीच्यांचं काय?"

दुपारी मी जुनी हजेरी काढून फोन करायला बसले. कुणी हसलं, कुणी तब्येत विचारली, एकीला मी कोण तेच आठवेना. शेवटचा फोन एका मुलीला लागला. वडील गेल्यावर दुसऱ्या वर्षातच तिने कॉलेज सोडलं होतं आणि आता ती अकोल्यात कापडाच्या दुकानात कामाला होती. मागे गिऱ्हाइकांचा गलका चालला होता. मी घाईघाईने सांगितलं की ती मादी मरत नाही, अंडी घालते आणि जगत राहते. मी चुकीचं शिकवलं होतं.

मग ती म्हणाली, "थांबा मॅडम, पेन घेते."